नांत्युआचं नारिंगी लोणी

क्रेफिशमध्ये फिश नाही. हे मला कळलं तेव्हा रात्रीचा एक वाजला होता. तेव्हापासून घरी जेवताना हा विषय काढायला मला बंदी आहे, म्हणून इथे लिहितो.

झालं असं की फ्रान्समधल्या लियों शहरातल्या एका बूशाँत, म्हणजे तिथल्या घरगुती वळणाच्या खानावळीत, माझ्यापुढे एक लांबट, फुगीर गोळा आला. चमच्याने दाबला की इडलीसारखा दबायचा. वर दाट, गुलाबी-नारिंगी सॉस. फळ्यावर खडूने लिहिलं होतं : केनेल द ब्रोशे, सॉस नांत्युआ. ब्रोशे हा गोड्या पाण्यातला लांब तोंडाचा मासा. त्याला काटे इतके की मांस वाटून चाळणीतून गाळल्याशिवाय भागत नाही. त्यात अंडी आणि लोणी घालून गोळे उकडतात. सॉसमध्ये क्रेफिश. फ्रेंचमध्ये एक्रविस. शेवंडीचा ओढ्यात राहणारा, वीतभरही न भरणारा धाकटा भाऊ म्हणा. भारतात हा मुळात नाहीच, त्यामुळे मराठीत त्याला नाव असायचं कारण नाही. आणि नाव नसलेली गोष्ट पोटात गेली की मला झोप येत नाही.

खोलीवर येऊन शब्दकोश उघडला. एक्रविस हा शब्द लॅटिनमधून आलेला नाही. फ्रँक लोकांच्या, म्हणजे जर्मन वळणाच्या, बोलीतून तो फ्रेंचमध्ये शिरला. आजच्या जर्मनमधला ‘क्रेब्स’ त्याचाच भाऊबंद. जुन्या फ्रेंचमध्ये तो ‘क्रेव्हिस’ होता. तो खाडी ओलांडून इंग्रजीत गेला आणि तिथल्या कानांना शेवटचं ‘व्हिस’ हे ‘फिश’ वाटलं. पाण्यात राहतो, मग मासाच असणार! आपल्याकडे गोऱ्या पहारेकऱ्याच्या ‘हू कम्स देअर’चा ‘हुकुमदार’ झाला, त्यातलाच हा प्रकार. फरक इतकाच की हुकुमदार कुणी प्राणिशास्त्राच्या पुस्तकात घातला नाही. प्राणिशास्त्रज्ञ थॉमस हक्स्लीने १८८० साली या एका प्राण्यावर अख्खं पुस्तक लिहिलं आणि पहिल्याच प्रकरणात हा गोंधळ निस्तरायला घेतला. शब्द फ्रेंचमधून आला की खालच्या डच बोलीतल्या ‘क्रेव्हिक’मधून, असे दोन पर्याय त्याने मांडले. माझं मत फ्रेंचच्या बाजूने. इंग्लंडात नॉर्मन राजवटीनंतर गोठ्यातला बैल इंग्रजीत राहिला आणि ताटातला बैल फ्रेंच झाला, हे सगळ्यांना माहीत आहे. क्रेफिश ताटातला होता.

जर्मन ‘क्रेब्स’ची आणखी एक गंमत. त्याचे तीन अर्थ : हा प्राणी, कर्क रास आणि कर्करोग. मराठीतल्या ‘कर्क’मध्येही, क्रेफिशऐवजी खेकडा घेतला तर, तेच तीन कोंबलेले आहेत, कारण रास आणि रोग दोघांनीही मुळात ग्रीकांकडून घेतले. जुन्या फ्रेंचमध्येही कर्क राशीला ‘एक्रविस’ म्हणत, आणि युरोपातल्या जुन्या चित्रांत कर्केच्या जागी बऱ्याचदा खेकड्याऐवजी लांब शेपटीचा एक्रविसच काढलेला असतो. समुद्रापासून दूर राहणाऱ्या चित्रकाराने खेकडा पाहिलाय कुठे?

इथपर्यंत मी शांत होतो. मग ‘केनेल’ पाहिला. तोही जर्मन! ‘क्नोडेल’, म्हणजे उकडलेला गोळा, आल्सासच्या वाटेने फ्रेंचमध्ये आला. म्हणजे लियोंवाले ज्या ताटासाठी छाती काढून चालतात, त्यातला गोळा जर्मन आणि गोळ्यावरचा प्राणीही जर्मन. बाकीचं? ‘सॉस’ लॅटिनमधल्या ‘खारवलेली’ या शब्दावरून. लोण्याचा ‘बर’ ग्रीक. खाली असलेल्या बेशामेलला, म्हणजे पिठादुधाच्या पांढऱ्या सॉसला, चौदाव्या लुईच्या दरबारातल्या लुई द बेशामेयचं नाव, आणि इटलीवाले म्हणतात ते मुळात आमचं. मग अस्सल मातीतलं, रोमनांच्याही आधीचं या ताटात काही उरतं का? उरतं. दोनच शब्द. एक ‘क्रेम’, म्हणजे साय. तो गॉल लोकांचा शब्द. पुढे ख्रिस्ती अभिषेकाच्या तेलाचा ग्रीक शब्द त्यात मिसळला म्हणून त्याचं आजचं रूप झालं. आणि दुसरा, नांत्युआ.

नांत्युआ हे गाव फ्रान्सच्या पूर्वेला, एँ जिल्ह्यात, जुरा डोंगररांगेच्या दक्षिण टोकाला. दोन्ही बाजूंना उभे कडे, मधल्या चिंचोळ्या जागेत हिमनदीने कोरलेलं तळं, तळ्याच्या टोकाला गाव. परगण्याचं जुनं नाव ब्यूजे. खवय्यांचा आद्यगुरू ब्रिया-साव्हारँ याच परगण्यातल्या बेले गावचा, १७५५ सालचा जन्म. तेव्हा इथल्या मातीत खाण्याचं काहीतरी आहे खरं.

गावाच्या नावाबद्दल दोन पक्ष आहेत. पहिला म्हणतो, हे नांतुआत जमातीचं गाव. ही जमात सीझरच्या लिखाणात येते. इसवी सनपूर्व ५७च्या सुमारास त्याने गाल्बा नावाच्या सरदाराला एक पलटण देऊन यांच्यावर आणि शेजारच्यांवर धाडलं, आणि डोंगरातल्या त्या हिवाळ्यात गाल्बाला मुक्काम गुंडाळून परतावं लागलं. सीझरच्या पुस्तकात नाव आलेले पूर्वज कुणाला नको असतात? आपल्याकडे प्रत्येक गावात पांडव एक रात्र राहिलेले असतातच. पण हे नांतुआत राहायचे आजच्या स्वित्झर्लंडमध्ये, ऱ्होन नदीच्या वरच्या खोऱ्यात. तिथून नांत्युआ सरळ रेषेत शंभरेक किलोमीटर आणि मध्ये डोंगर.

दुसरा पक्ष, अर्थात माझा, म्हणतो की जमात हवीच कशाला? गॉलिश शब्दांची एक छोटी जुनी यादी आहे, एंडलिखर नावाच्या अभ्यासकाने व्हिएन्नात उजेडात आणलेली. तिच्यात लिहिलंय : ‘नांतो’ म्हणजे दरी. वेल्श भाषेत ‘नांत’ म्हणजे आजही ओढा किंवा दरी, आणि शेजारच्या साव्ह्वाच्या डोंगरात लोक धबाबा उतरणाऱ्या ओढ्याला ‘नां’च म्हणतात. दरीतलं गाव, त्याला दरीचं नाव. आपलं दरेगाव, खोरवडी तसं. जमातीचं नावही याच शब्दावरून पडलं असणार : दरीतली माणसं. दोन्ही पक्ष एकाच ओढ्याचं पाणी पितात, भांडतात फक्त घागर कुणाची यावर. मात्र या आनंदात नाँत शहर किंवा पॅरिसजवळचं नाँतेर इथे ओढू नका. त्यांची कुळं निराळी आहेत. मी एक संध्याकाळ त्यात वाया घालवली आहे.

म्हणजे ‘नांत्युआ’चा मूळ अर्थ ओढ्याची दरी, आणि एक्रविस राहतो ओढ्यात! थंड, स्वच्छ, चुनखडीतून आलेलं पाणी त्याला लागतं, कारण कवच घडवायला चुना हवा. जुराचा डोंगर चुनखडीचाच. सॉसचं नाव आणि सॉसचा जिन्नस दोघंही एकाच पाण्यातून निघालेले. यावर मी त्या रात्री एकटाच हसलो.

आता सॉस. तो नांत्युआत जन्मला का? गावाचा अभिमान बाळगणारे मठाचं नाव घेतात. मठ सातव्या शतकातला, आणि त्याची एक घटना विसरू म्हटलं तरी विसरता येत नाही. ८७७ साली टकल्या चार्ल्स म्हणून ओळखला जाणारा सम्राट इटलीतून परतताना आल्प्समध्ये मेला. त्याला सॅं-दनीच्या राजघराण्याच्या मठात न्यायचं होतं. आतडी काढली, दारू आणि सुगंधी द्रव्यं भरली, तरी वास आवरेना. डांबर लावलेल्या पिंपात घातलं, पिंपाला चामडं गुंडाळलं, तरीही आवरेना. शेवटी वाटेतल्या नांत्युआच्या मठात पुरून टाकलं. अस्थी सॅं-दनीला गेल्या काही वर्षांनी. तर या मठातल्या साधूंनी उपासाच्या दिवसांसाठी हा सॉस शोधला, असं म्हणतात. मांस वर्ज्य, पाण्यातलं चालतं, आणि ओढा दारात. ऐकायला गोड आहे, पण ईस्टरआधीच्या चाळीस दिवसांत मांसाबरोबर लोणी, दूध आणि सायही वर्ज्य होती. लोणी खाण्याची सवलत चर्च पैसे घेऊन देई. रूआँच्या कॅथीड्रलचा एक मनोरा पंधराव्या शतकाच्या शेवटी अशाच पैशातून उभा राहिला, त्याला आजही ‘लोणी मनोरा’ म्हणतात. साधूंनी खाल्ला असेल तर बदामाच्या दुधातला रस्सा. चौदाव्या शतकाच्या शेवटी पॅरिसच्या एका गृहस्थाने आपल्या तरुण बायकोसाठी जे घरकामाचं पुस्तक लिहिलं, त्यात एक्रविसचा बदाम घातलेला रस्सा आहेच. तो या सॉसचा खापरपणजोबा म्हणा, पण तो नांत्युआचा नाही आणि नारिंगी लोण्याचाही नाही. एवढी सवलत देतो की साध्या शुक्रवारी साधूंना लोणी चालत असेल. पण पीठ परतून त्याने सॉस दाट करायची रीत फ्रेंच पुस्तकांत येते सतराव्या शतकात. मठवाल्यांनी तोवर थांबावं.

दुसरा दावा रस्त्याचा. लियोंहून जिनिव्हाला जाणारी वाट नांत्युआवरूनच. गाड्या थांबायच्या, घोडे बदलायचे, खाणावळीत एक्रविस मिळायचे. हा दावा मला मान्य आहे, फक्त त्याने सिद्ध होतात एक्रविस, सॉस नव्हे.

छापील कागदावर ही कृती पक्की उभी राहते एस्कॉफिए या फ्रेंच बल्लवाचार्याच्या १९०३च्या पुस्तकात : साय घालून आटवलेलं बेशामेल, एक्रविसचं लोणी आणि सोललेल्या शेपट्या. त्या काळच्या पॅरिसच्या मेन्यूकार्डाची एक भाषा होती, तिच्यात गावाचं नाव म्हणजे जिन्नस. ‘क्रेसी’ लिहिलं की गाजर, ‘आर्जाँतय’ लिहिलं की शतावरी, ‘नांत्युआ’ लिहिलं की एक्रविस. भाजी खरोखर त्या गावची आहे का, असं विचारायचं नसतं. कोल्हापुरातल्या कुठल्या घरात व्हेज कोल्हापुरी शिजतं?

आणि इथे माझा लाडका तर्क येतो. १८६०च्या सुमाराला इटलीतल्या लोम्बार्डीत एक्रविस पटापट मरू लागले. १८७०च्या दशकात ही साथ फ्रान्समध्ये पोचली. बुरशीसारख्या दिसणाऱ्या एका जीवाचं हे काम, अमेरिकेतून आलेलं. तिकडच्या क्रेफिशला तो फारसा त्रास देत नाही, इकडच्यांचे ओढेच्या ओढे रिकामे करतो. पंचाईत अशी की युरोपात अमेरिकी क्रेफिश मुद्दाम सोडल्याची पहिली गोष्ट १८९०ची, आणि रोग तीस वर्षं आधीचा. जहाजाच्या तळातल्या पाण्यातून आला असणार, दुसरी वाट मला दिसत नाही. आता तारखा शेजारी ठेवा. ओढे ओस पडले १८७० नंतर, आणि गावाचं नाव सॉसला कायमचं चिकटलं १९०३च्या पुस्तकात. माल संपतो तेव्हा पाटी रंगवतात, असं माझं म्हणणं. हक्स्ली सांगतो की तेव्हा एकटं पॅरिस वर्षाला ५० ते ६० लाख क्रेफिश खायचं. इतका माल ब्यूजेच्या ओढ्यांतून येणं शक्यच नव्हतं. तो दूरदेशीचा होता, आणि दूरच्या मालावर जवळच्या गावाचं नाव शोभून दिसतं. यावर एका मित्राने विचारलं, “मग क्रेसीच्या गाजरांना कुठली साथ आली होती?” हा मुद्दा टोचतो. तरी तर्क मी सोडलेला नाही.

पुढे काळाने त्या तळ्याची आणखी थट्टा केली. विसाव्या शतकात सांडपाण्याने नांत्युआचं तळं बिघडलं आणि पाण्यावर लाल तवंग यायला लागला, एका सूक्ष्म शेवाळाचा. आसपासच्या मुलखातल्या नद्यांत आता अमेरिकी क्रेफिश इतके माजलेत की धरायला सांगतात, पण जिवंत न्यायला कायद्याने मनाई आहे.

घरी मी ते सॉसमधलं एक्रविसचं लोणी कोळंबीवर करून पाहिलं. वीसेक मोठ्या कोळंब्यांची डोकी आणि टरफलं वाफवली; राखाडी-निळसर होती ती बघता बघता शेंदरी झाली. रंग बाहेरून येत नाही, आतच असतो. अ‍ॅस्टॅझँथिन हे रंगद्रव्य एका प्रथिनाच्या मिठीत असतं तोवर निळं दिसतं. उष्णतेने मिठी सुटते. ते पाण्यात विरघळत नाही, चरबीत विरघळतं. मिसळीच्या तर्रीत मिरचीचा रंग तेलात उतरून वर तरंगतो, त्याचं कारण हेच. टरफलं खलबत्त्यात तेवढ्याच वजनाच्या लोण्याबरोबर कुटली. शेजारून दोनदा विचारणा झाली. मग मंद आचेवर वितळवून मलमलीतून बर्फाच्या पाण्यात गाळलं. दहा मिनिटांत वर नारिंगी चकती धरली, निरशा खरवसासारखी हलणारी. तिच्यातला चमचाभर पांढऱ्या सॉसमध्ये ढवळला तर लियोंचा तो गुलाबी रंग जसाच्या तसा उतरला. नंतर दुसऱ्या एका ठिकाणी मला टोमॅटो घालून रंगवलेला सॉस मिळाला होता, तो रंग यापुढे विटकरी वाटतो.

उरलेली चकती डब्यात भरून फ्रीझरमध्ये टाकली. आत्या घरी असते, तिला कळावं म्हणून डब्यावर चिठ्ठी चिकटवली आणि तिच्यावर ठसठशीत अक्षरात ‘नांत्युआ’ लिहिलं. कोळंबी ससून डॉकची होती.