तेरा मिनिटांचं स्वयंपाकघर

साल १९६८. तुम्ही ब्रसेल्समधल्या एका उंच इमारतीच्या तळमजल्यावर उभे आहात. हातात फुलं घेतलेली एक मुलगी घाईघाईने आत येते. लिफ्टचं बटण दाबते, पण वाट बघण्याइतका धीर तिला नाही. ती जिन्याकडे धावते. तुम्हीही तिच्यामागे पायऱ्या चढू लागता. तिचं गुणगुणणं अगदी कानाशी ऐकू येतं, पण ते तिच्या ओठांशी जुळत नाही.

ही शांताल अकेरमान, वय वर्षं १८. फिल्मचं शिक्षण काही महिन्यांतच सोडून ती पहिला लघुपट करतेय : ‘सोत मा व्हिल’, म्हणजे ‘उडव माझं शहर’. कृष्णधवल, १३ मिनिटांचा. दिग्दर्शिका तीच, पडद्यावरही तीच.

दार बंद होतं आणि तुम्ही छोट्याशा स्वयंपाकघरात तिच्याबरोबर अडकता. ती स्पॅगेटी खाते. मांजराला बाहेर काढते. दाराच्या फटींवर चिकटपट्टी लावते. कपाटातलं सामान फरशीवर फेकते, वर पाणी ओतते आणि मग तोच पसारा पुसायला घेते.

आता जरा जवळ सरका. ती बुटाला पॉलिश करतेय. ब्रश बुटावरून घोट्यावर येतो, तिथून नडगीवर चढतो. पाय काळा होत जातो, तरी हात थांबत नाही. रोजच्या कामाची लय हातात मुरलीय. काम कशासाठी, ते मात्र कधीच हरवलंय.

तिला हाक मारावीशी वाटते. पण त्या घरात हाक मारणारं कुणी नाही. शेवटी ती गॅस सोडते, पडदा काळा होतो, स्फोट ऐकू येतो आणि अंधारात पुन्हा तिचं गुणगुणणं.

सात वर्षं पुढे या. १९७५ साली ती पुन्हा स्वयंपाकघरात शिरते. ‘झान दिएलमान’ या २०१ मिनिटांच्या चित्रपटात एक विधवा बटाटे सोलते, भांडी घासते आणि कॅमेरा शेवटपर्यंत समोर थांबतो. २०२२ मध्ये ‘साइट अँड साउंड’ या ब्रिटिश चित्रपट-मासिकाच्या सर्वोत्तम चित्रपटांच्या समीक्षक-पाहणीत हाच चित्रपट पहिला आला. स्त्री-दिग्दर्शिकेच्या चित्रपटाला हा मान पहिल्यांदाच मिळाला.

आता आपल्या घरी परत या. ओट्याशी कुणी एकटंच काम करत असेल, तर तिथे जाऊन थोडा वेळ बसा.