'बग' पतंगाच्या आधीचा आहे

आजचा भाग छोटासाच आहे, आणि तो कान पकडून करायचा आहे.

मागे एका भागात मी ठासून सांगितलं होतं, की कॉम्प्युटरमधल्या बिघाडाला 'बग' म्हणतात ते एका पतंगामुळे. पतंग म्हणजे संक्रांतीला उडवतो तो नव्हे, दिव्याभोवती घिरट्या घालणारा किडा. गोष्ट झकास होती, पण अर्धवट होती.

झालं होतं ते असं. ९ सप्टेंबर १९४७. अमेरिकेत हार्वर्ड विद्यापीठात 'मार्क टू' नावाचं अवाढव्य गणनयंत्र होतं. त्यात चिप नव्हत्या, रिले होते, म्हणजे विजेवर उघडझाप करणारे स्विच. त्या दिवशी ७० नंबरच्या रिलेत एक पतंग अडकलेला सापडला. तिथल्या लोकांनी तो चिकटपट्टीने नोंदवहीत चिकटवला आणि लिहिलं, की खराखुरा बग सापडल्याची ही पहिलीच वेळ! ते पान आज स्मिथसोनियन संग्रहालयात आहे, पतंगासकट.

आता 'खराखुरा' या शब्दाकडे बघा. हा विनोद आहे ना? आणि तो कळायला 'बग' म्हणजे बिघाड हे आधीच माहीत असायला हवं. तसं ते होतंच. थॉमस एडिसनने १८७८ मधल्या एका पत्रात यंत्रातल्या बारीकसारीक अडचणींना 'बग' म्हटलंय. म्हणजे पतंगाच्या जवळजवळ ७० वर्षं आधी!

मग गैरसमज कुठून आला? ग्रेस हॉपर या नौदलातल्या गणितज्ञ त्या टीममध्ये होत्या. हा किस्सा त्या इतका रंगवून सांगायच्या, की पतंग त्यांनीच पकडला आणि शब्दही त्यांचाच, असं लोक समजू लागले.

पण डाइक्स्त्रा नावाच्या डच संगणकशास्त्रज्ञाला हा शब्दच खटकायचा. १९८८ मध्ये त्यांनी लिहिलं, की बगला बग न म्हणता सरळ चूक म्हणा. बग म्हटलं की वाटतं, आपलं लक्ष नसताना किडा गुपचूप आत शिरला. खरं तर ती चूक प्रोग्रॅम लिहिणाऱ्यानेच केलेली असते.

हे वाचून मी जरा ओशाळलोच. माझ्या त्या भागात कुठलाही किडा शिरला नव्हता. कुठेतरी वाचलेलं मी न तपासता सांगून टाकलं, एवढंच. त्यामुळे तो 'बग' नाही, माझी चूक आहे. जुन्या भागाच्या वर्णनात तसं लिहून ठेवलंय.

तुम्ही ती गोष्ट पुढे कोणाला सांगितली असेल, तर हीसुद्धा सांगा. भेटू पुढच्या भागात!