मन नसल्याची किंमत

1894 चा भूसंपादन कायदा अजून चालू होता, तेव्हाची गोष्ट. मी साधा शिक्षक होतो. शहापूरचे एक पालक कानडी नोटीस घेऊन शाळेत आले. ओळन्‌ओळ अर्थ सांगून झाल्यावर त्यांनी एवढेच विचारले, "सर, आमाला जमीन द्यायचीच नाही, ते कुटं लिवायचं?"

रात्री कायद्याचे पुस्तक काढून बसलो. उत्तर कलम 24 मध्ये होते. भरपाई ठरवताना मालकाची जमीन सोडण्याची नाखुषी विचारात घ्यायची नाही, असे तिथे स्वच्छ लिहिले होते. गंमत अशी, की त्याच्या आधीच्याच कलमात जमीन सक्तीने घेतली म्हणून बाजारभावावर शेकडा 15 जादा द्यायचे होते, आणि 1984 पासून ते 30 झाले. म्हणजे मन मोजायचे नाही, पण सक्तीचे टक्के द्यायचे!

याची पाळेमुळे जुनी आहेत. 1857 च्या कायद्यात भाव न पटल्यास लवाद असे. 1870 मध्ये वाद कोर्टाकडे गेला. 1894 ने कलेक्टरच्या हाती निवाडा दिला. न पटल्यास मागाहून कोर्ट. शहापूर त्या काळी सांगली संस्थानात होते, त्यामुळे इंग्रजी मुलखाचा हा कायदा बेळगावला लागू असला तरी शहापुरात आपोआप लागू होत नसे. 1948 मध्ये संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले आणि 1956 मध्ये आपण म्हैसूर राज्यात गेलो. मुळशीत 1921 साली सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली मावळे धरणाविरुद्ध उभे राहिले. 1923 मध्ये हरकत ऐकण्याचे कलम 5-अ आले. ऐकायचे, मानलेच पाहिजे असे नाही.

खरी मेख बाजारभावात आहे. अधिसूचनेच्या दिवशीचा भाव धरायचा, तो आसपासच्या खरेदीखतांवरून. आता मुद्रांक वाचवण्यासाठी आपण खतात रक्कम कमी लिहितो, हे कुणाला सांगायला नको. तोच कागद पुढे शेजाऱ्याच्या जमिनीचा भाव पाडतो. विशाखापट्टणमच्या खटल्यात मात्र निराळे घडले. बंदराला गोडे पाणी हवे होते आणि झरा एका जमीनदाराच्या रानात. गिऱ्हाईक एकटे सरकार असले तरी झऱ्याची उपयुक्तता किमतीत धरावी, असे प्रिव्ही कौन्सिलने 1939 मध्ये ठरवले. शहराला खेटलेल्या भाताच्या शेताची बाजू याच निकालाच्या आधारे मांडता येते.

आमच्या पालकांनी हरकत न लिहिता पैसे उचलले. कलम 31 प्रमाणे तिथेच कोर्टाचा रस्ता बंद झाला. शेजारी कोर्टात गेला होता, त्याचा भाव वाढला. 1984 मध्ये घातलेल्या कलम 28-अ मुळे त्याच अधिसूचनेतील इतरांनाही वाढीव दर मागता येत होता, मात्र निकालापासून तीन महिन्यांत. मुदत संपत आली असताना ते धावत आले. अर्ज कानडीत हवा होता. आमच्या शाळेतील कानडीच्या गुरुजींनी तो लिहून दिला. मी फक्त गट नंबर तपासले.

1 जानेवारी 2014 पासून नवा कायदा आला. दिलासा रक्कम शेकडा 100 झाली आणि खेड्यातल्या जमिनीच्या बाजारभावाला दोनपर्यंत गुणक मिळाला. खाजगी कंपनीसाठी 80 टक्के जमीनधारकांची संमती लागते. सरकारच्या स्वतःच्या कामासाठी ती अट नाही. राष्ट्रीय महामार्गाची तर तऱ्हाच वेगळी. 1997 च्या दुरुस्तीने तिथे दिलासा रक्कमच मिळेनाशी झाली होती. हा भेदभाव आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2019 मध्ये म्हटले. आपल्याकडच्या हालगा-मच्छे बायपासच्या वादात मात्र शेतकरी दरासाठी भांडत नव्हते. पिकाऊ जमीन जाऊच नये, हे सांगायला ते कोर्टात गेले होते.

पालकांची वाढीव रक्कम काही वर्षांनी आली. तोवर उताऱ्यावरून त्यांचे नाव गेले होते. पेढे ठेवून ते बसले आणि खिशातून जुना सातबारा काढून म्हणाले, "सर, हे एकदा वाचून दावा." मराठीत होता. त्यांना वाचता येत होते.