एक कोटीचं नागरिकशास्त्र

परवा पुण्याहून नातवाचा फोन आला. "आजी, पहिला करोडपती कोण गं?" नाव जिभेवरच होतं. हर्षवर्धन नवाथे! ऑक्टोबर 2000. त्या दिवसांत रात्री नऊनंतर आमच्या शिरोळच्या गल्लीत चिटपाखरू नसायचं आणि ज्याच्या घरी केबल, त्याच्या दारात चपलांचा ढीग.

'कौन बनेगा करोडपती' हा खेळ मूळचा विलायती. तिकडे तो 4 सप्टेंबर 1998 ला सुरू झाला, आपल्याकडे 3 जुलै 2000 ला. गंमत म्हणजे आपल्या 27 वर्षांच्या मराठी पोरानं सर्वात वरचं बक्षीस जिंकलं, तेव्हा खुद्द ब्रिटनमध्ये ते कुणालाच मिळालं नव्हतं! तिथे ज्युडिथ केपेल या बाईंनी ते मिळवलं 20 नोव्हेंबर 2000 ला. त्यांना शेवटचा प्रश्न होता, एलिनॉर ऑफ ॲक्विटेन हिचा नवरा कोणता राजा? (दुसरा हेन्री.) म्हणजे त्यांना राजघराणं आणि आपल्याला राज्यघटना. केपेलबाई पुढे 2003 पासून 'एगहेड्स' नावाच्या सामान्यज्ञानाच्या कार्यक्रमात कितीतरी वर्षं दिसत राहिल्या. नवाथे यूपीएससीचा अभ्यास करत होता, तो सोडून ब्रिटनला एमबीए करायला गेला आणि नंतर नोकरीत रमला. असो.

मला लिहायचंय ते त्याच्या शेवटच्या प्रश्नाबद्दल. संसदेच्या कामकाजात भाग घ्यायची मुभा घटना यांपैकी कोणाला देते? सॉलिसिटर जनरल, ॲटर्नी जनरल, कॅबिनेट सेक्रेटरी की सरन्यायाधीश? उत्तर ॲटर्नी जनरल, म्हणजे आपल्या पुस्तकातले महान्यायवादी. कलम 76 त्यांच्या नेमणुकीचं, कलम 88 सभागृहात बोलण्याच्या हक्काचं. मतदानाचा हक्क मात्र नाही. ब्रिटनमध्ये हे पद मंत्र्याचंच, तो बहुधा संसदेत बसलेलाच असतो, त्याला वेगळी परवानगी कशाला? आपल्याकडे खासदार नसलेला वकीलही नेमता येतो, म्हणून घटनेत लिहून ठेवावं लागलं.

मी बसल्या जागेवरून उत्तर मोठ्यानं सांगितलं. सगळे माझ्याकडे बघायला लागले. तेवढ्यात माझाच एक जुना विद्यार्थी हसत म्हणाला, "बाई, हे तर तुम्ही आम्हाला ऑप्शनला टाकायला सांगितलं होतं."

सगळे हसले, मीही हसले. पण खरं होतं ते. नागरिकशास्त्राचा तास शेवटचा, मुलांचं लक्ष घंटेकडे, माझं इतिहासाच्या राहिलेल्या धड्यांकडे. "महान्यायवादी परीक्षेला येत नाही" हे वाक्य मी किती वर्गांना सांगितलं असेल कोण जाणे. रात्री झोप लागली नाही.

दुसऱ्या दिवशी नववीच्या वर्गात कलम 88 फळ्यावर लिहिलं. आदल्या रात्रीचा कार्यक्रम सगळ्यांनी पाहिलेला, त्यामुळे कधी नव्हे ती शांतता. मागच्या बाकावरची एक मुलगी उठून म्हणाली, "बाई, बोलायला देतात तर मत का देऊ देत नाहीत?"

इतक्या वर्षांत हा प्रश्न मला कुणी विचारला नव्हता, आणि मी स्वतःलाही नाही. "उद्या सांगते," म्हटलं आणि संध्याकाळी पुस्तक घेऊन बसले.