राजीनामा, यजितखत आणि सलोखा

‘राजीनामा’ म्हटलें कीं आज नोकरी सोडल्याचा कागद आपल्या डोळ्यांपुढें येतो. पेशवाईंतील वाद्यांस तो निराळ्याच कारणासाठीं लिहावा लागे. वतनाचा तंटा गोतसभेपुढें आला म्हणजे उभय पक्ष प्रथम राजीनामा लिहून देत, कीं या पंचांचा निवाडा आम्हांस मान्य आहे; शिवाय तो पाळूं म्हणून जामीन देत. मग तकरीरा, साक्षी, आणि शेवटीं हरणाऱ्यानें जिंकणाऱ्यास दिलेलें यजितखत. आपला दावा खोटा, पुढें कटकट करणार नाहीं, असें हरलेल्याकडूनच लिहून घेण्यांत मोठें व्यवहारज्ञान होतें. जिंकणाऱ्याकडून हरकी व हरणाऱ्याकडून गुन्हेगारी सरकारांत जमा होई; तेव्हां न्याय फुकट मिळे असें मात्र कोणीं समजूं नये.

एल्फिन्स्टनसाहेबांस पंचायतीचें महत्त्व पटलें होतें, व १८२७ च्या कायद्यांत त्यांनीं लवादास जागाही ठेविली. परंतु कोर्टें आलीं, वकील आले, आणि पंचांचें आसन रिकामें पडत गेलें.

यांत खरा नाडला गेला तो कुणबी. १८५९ च्या मुदतीच्या कायद्यानें रोख्याची मुदत तीन वर्षांवर आली. हेतु ऋणकोच्या रक्षणाचा. परिणाम असा कीं मुदत भरत आली म्हणजे सावकार व्याज मुद्दलांत मिळवून नवा रोखा करून घेई. दावा लागे, कुणबी हजर राहत नसे, एकतर्फी हुकूमनामा होई, आणि जमीन जाई. १२ मे १८७५ रोजीं भीमथडी तालुक्यांतील सुपें येथें दंगा उसळला. पुणें व अहमदनगर जिल्ह्यांत तो पसरला, तेव्हां लोकांचा रोख मुख्यतः कागदांवर होता: रोखे हिसकावून जाळावयाचे. त्याच दशकांत सार्वजनिक काकांनीं पुण्यास लवाद कोर्टासाठीं खटपट केली.

दंग्याच्या चौकशीनंतर १८७९ चा सतरावा कायदा आला, तो पुणें, सातारा, सोलापूर व अहमदनगर या चार जिल्ह्यांकरितां. पुढें न्यायमूर्ति रानडे याच कायद्याखालीं स्पेशल जज्ज होते. त्यांत सलोखा करविणारे पंच नेमण्याची तरतूद होती. शेतकरी पक्षकार असेल तर आधीं त्यांच्याकडे जावें; समेट न झाल्यास दाखला घ्यावा, आणि मगच कोर्टाची पायरी चढावी. समेट झाला तर तो कोर्टाकडे जाई व मुदतींत हरकत न आल्यास हुकूमनाम्यासारखा अंमलांत येई.

योजना सुंदर, पण तींत एक फट राहिली. कोर्टानें कर्जाचा इतिहास पहिल्या व्यवहारापासून तपासावा, हेंच या कायद्याचें मर्म. सलोख्याच्या कबुलींत ती तपासणी होत नसे. मग फुगविलेल्या आंकड्याखालीं अंगठा उठवून घेणें हीच सावकाराची सोपी वाट झाली, अशी टीका त्या काळींच झाली. आणि ती मला रास्त वाटते. एकाच्या हातीं वही आणि दुसऱ्यास अक्षरशत्रुत्व, अशा दोघांमधील संमतीस संमति म्हणवत नाहीं.

आजच्या कायद्यानें ही शंका ध्यानांत घेतली आहे. १९०८ च्या दिवाणी संहितेप्रमाणें समेटावरून हुकूमनामा होतो व त्यावर अपील नाहीं. पण १९७६ च्या दुरुस्तीनें दोन गोष्टी घातल्या: समेट लेखी व पक्षकारांच्या सहीचा असावा, आणि फसवणुकीनें वा दडपणानें घेतलेली कबुली कायदेशीर समेट मानूं नये. एका पक्षानें समेट झालाच नाहीं असें म्हटलें, तर त्याचा निकाल त्याच कोर्टानें लावावयाचा. त्यासाठीं निराळा दावा चालत नाहीं.