कटनीच्या दोन गोळ्या

दरोडेखोरांपुढे निमूटपणे मान तुकवणारी हिंदी रयत ब्रिटिश कायदेकर्त्या मेकॉलेला खटकत होती. 1837 साली त्याच्या विधी आयोगाने दंडसंहितेचा मसुदा सादर केला. सोबतच्या टिपणात त्याने लिहिलं की, स्वसंरक्षणाच्या हक्कावर बंधनं वाढवण्यापेक्षा लोकांमध्ये मर्दानी बाणा जागवणं बरं. त्याच्या स्वतःच्या देशात मात्र जीव वाचवताना माणूस मारणाऱ्याची मालमत्ता जप्त करण्याची जुनी तरतूद कागदावरून पुसली जाऊन जेमतेम नऊ वर्षं झाली होती.

संहिता 1860 साली मंजूर झाली. कलम 96 ते 106 मध्ये हक्क आला, आणि कुंपणही. पोलिसांकडे धाव घ्यायला वेळ असेल तर हक्क नाही. गरजेपेक्षा जास्त इजा करायची नाही. जीव घेण्याची मुभा ठरावीक प्रसंगीच. पुढे 1878 च्या शस्त्र कायद्याने हिंदी माणसाच्या हत्याराला परवाना लावला. गोऱ्यांना त्यातून सूट होती. बाणा हवा, बंदूक नको!

गरज नेमकी किती, हे ठरवायचं कोणी? 5 मार्च 1950 रोजी कटनीत सिंधी निर्वासित आणि स्थानिक मुसलमान यांच्यात दंगल उसळली. एका दुकानदाराची आई त्याच्या आणि भावाच्या भागांमधल्या भिंतीतल्या भगदाडातून त्याच्याकडे धावत आली. जमाव भावाच्या भागात घुसून लूट करत होता. मग त्याच्याही दारावर काठ्या बसू लागल्या. त्याने बंदूक उचलून दोन गोळ्या झाडल्या. एक जण ठार झाला, तिघे जखमी.

नागपूर उच्च न्यायालयाच्या मते त्याने मर्यादा ओलांडली होती. सर्वोच्च न्यायालयात निकाल लिहिला न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी, म्हणजे काही काळापूर्वीच्या नागपूरच्याच मुख्य न्यायाधीशांनी. 1952 च्या या निकालात त्यांनी त्या दुकानात उभं राहून प्रसंग पाहिला: बायका-पोरं घाबरलेली, शेजारचा भाग फुटलेला, भिंतीतून वाट मोकळी. दार मोडेपर्यंत थांबण्याची सक्ती कायदा करत नाही आणि अशा गोष्टी फार नाजूक तराजूत तोलता येत नाहीत, असं सांगून त्यांनी दुकानदाराला सोडलं. निकाल वाचताना वाटतं, बोस यांनी मेकॉलेचा बाणा बाजूला ठेवून माणसाची भीती ध्यानात घेतली.

ही सूट सरसकट नव्हती. पंजाबातल्या शेतजमिनीच्या एका वादात पळत सुटलेल्यांवरही गोळ्या झाडल्या गेल्या. 1962 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की धोका टळला की हक्कही संपतो. त्यानंतर झाडलेली गोळी संरक्षणाची उरत नाही.

2013 साली जीव घेण्याची मुभा असलेल्या प्रसंगांत, म्हणजे कलम 100 मध्ये, अॅसिड हल्ल्याची भर पडली. 1 जुलै 2024 पासून हीच कलमं भारतीय न्याय संहितेत 34 ते 44 या क्रमांकांखाली आली आहेत.