दवाखान्याच्या बिलाचा इतिहास

भगिनींनो, इतिहासावर काही लिहा असे चिटणीसबाईंनी सांगितले. वसईच्या किल्ल्यावर दरवर्षी कोणी ना कोणी लिहितेच, म्हणून मी दवाखान्याच्या बिलाचा इतिहास घेतला आहे. घरात आजारपण आले की बांगड्या आपल्याच हातातल्या उतरतात, तेव्हा हाही इतिहास आपलाच म्हणावयाचा.

खाजगी शुश्रूषागृहांची नोंदणी करण्याचा कायदा आपल्याकडे १९४९ सालचा. पैसे घेऊन दिलेली वैद्यकीय सेवा ग्राहक कायद्यात येते, हे मात्र सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली सांगितले. पुढल्याच वर्षी मुंबई उच्च न्यायालयाने, रोग्याने मागितल्यास त्याच्या केसपेपरच्या प्रती दिल्याच पाहिजेत, असा निकाल दिला. तरी मागायचे कोणी? काही वर्षांमागे आमच्या सासूबाईंच्या ऑपरेशनच्या बिलात ‘इतर’ या एका शब्दापुढे सात हजार रुपये लावले होते. इतर म्हणजे काय, असे मी विचारले, तर खिडकीवरच्या माणसाने ‘तसेच असते’ म्हणून सांगितले. डॉक्टरला देव मानायचे, आणि देवाकडे कोणी पावती मागते का!

हे ‘तसेच’ म्हणजे कसे, ते उघड करावयास डॉक्टरच पुढे आले. डॉ. अरुण गद्रे हे स्त्रीरोगतज्ज्ञ. कांद्याच्या बाजारासाठी प्रसिद्ध असलेल्या लासलगावी त्यांनी पुष्कळ वर्षे बायकांची बाळंतपणे केली. पुढे पुण्याच्या ‘साथी’ या संस्थेच्या कामात असताना त्यांनी देशभरच्या ७८ डॉक्टरांना गाठून बोलते केले. डॉ. अभय शुक्ला यांच्यासह लिहिलेले त्यांचे इंग्रजी पुस्तक २०१६ साली निघाले. रोगी पाठविल्याबद्दल एका डॉक्टरने दुसऱ्याला द्यावयाचा कट, गरज नसता केलेली ऑपरेशने, हे सारे त्यात डॉक्टरांच्याच तोंडून आले आहे. मला सर्वात लागले ते तपासणीचे. काही ठिकाणी रोग्याचे रक्त काढतात आणि न तपासताच मोरीत ओतून देतात! कागदावर आकडे मात्र येतात. आपल्याच व्यवसायातले हे चारचौघात सांगायला छाती लागते. सगळेच डॉक्टर तसे नसतात, हेही त्याच पुस्तकावरून कळते, कारण बोलणारे डॉक्टरच होते.

राष्ट्रीय मानवी हक्क आयोगाने २०१८ साली रोग्यांच्या १७ हक्कांची सनद तयार केली. मग करोना आला. मे २०२० मध्ये महाराष्ट्र सरकारने खाजगी रुग्णालयांना दर बांधून दिले: साध्या खाटेस दिवसाला ४,००० रुपये, अतिदक्षता विभागात ७,५००, व्हेंटिलेटर असल्यास ९,०००. दर बांधता येतात, हे तेव्हा सर्वांनी पाहिले.

जानेवारी २०२१ मध्ये त्या १९४९ च्या कायद्याचे नियम सुधारले. त्याप्रमाणे रुग्णालयाने रोग्यांच्या हक्कांची सनद आणि १५ बाबींचे दर दिसतील असे लावावयाचे आहेत. पुरुष डॉक्टर बाईला तपासत असता जवळ एक स्त्री हवी. पैसे राहिले म्हणून मृतदेह अडवून ठेवता येत नाही. तक्रारीसाठी स्थानिक संस्थेने कक्ष व टोल फ्री नंबर ठेवावयाचा आहे, म्हणजे आपल्याकडे महापालिकेने.

पुढच्या महिन्यात मंडळातल्या आम्ही चौघीजणी आपल्या भागातले हे फलक पाहून येणार आहोत. ज्यांना यावयाचे असेल त्यांनी चिटणीसबाईंकडे नाव द्यावे.